सिबाग्ना गाव रिकामं कसं झालं: सॅन गॅब्रिएल मिशन आणि १७८५ चा कट

लॉस एंजेलिसकडे राहणाऱ्या आपल्या मंडळींच्या तोंडात कुकामोंगा, अझुसा, काहुएंगा, टोपांगा ही नावं रोज असतात, कुणाचं ऑफिस तिकडे, कुणाचं घर तिकडे, पण ही नावं इंग्रजी नाहीत आणि स्पॅनिशही नाहीत हे बऱ्याच जणांना माहीत नसतं. ती तोंग्वा लोकांची आहेत. आजचं अख्खं लॉस एंजेलिसचं खोरं आणि समोरची कातालिना वगैरे बेटं हा सगळा त्यांचा मुलूख, स्पॅनिश आले तेव्हा अंदाजे पाच हजार लोक, छोट्या छोट्या गावांत विखुरलेले, प्रत्येक गावाचा आपला मुखिया.

त्यातलं एक गाव सिबाग्ना, हल्ली शेवांगा असंही लिहितात. १८५२ मध्ये ह्यूगो रीड नावाच्या स्कॉटिश माणसाने, ज्याची बायको याच लोकांतली होती, लॉस एंजेलिसच्या पेपरात पत्रांची एक मालिका छापली. त्यात जुन्या गावांची यादी आहे, कुठलं गाव आता कुठे येतं त्याची. त्या यादीत सॅन गॅब्रिएलच्या पुढे सिबाग्ना लिहिलंय. म्हणजे स्पॅनिशांनी सॅन गॅब्रिएल आर्कांहेल हे मिशन (मूळ रहिवाशांना ख्रिस्ती करून तिथेच कामाला ठेवायची पाद्रींची वसाहत) जिथे बांधलं, तिथलंच हे गाव.

या गावाचं काय झालं असं विचारलं की दोन ठरलेली उत्तरं मिळतात. एक, रोगराई आली आणि लोक गेले, त्याला कोण काय करणार. दुसरं, लोक आपणहून मिशनमध्ये राहायला गेले. दोन्हीत थोडं तथ्य आहेच, नाही असं नाही, पण सगळा घटनाक्रम नीट लावून बघितला की माझं मत असं होतं की गाव आधी पोटाच्या बाजूने तुटलं. रानातलं खाणं गेलं, मग माणसं मिशनच्या दारात गेली, आणि रोगाने जो हाहाकार केला तो बराचसा त्या भिंतींच्या आत दाटीवाटीने कोंबल्यावर केला. आणि मुख्य म्हणजे जमीन हातची चाललीये हे तिथल्या लोकांना तेव्हाच समजत होतं. १७८५ मध्ये मिशनवर चालून जायचा कट फसला, त्याच्या चौकशीत त्यांनी ते सांगितलंय, सरकारी कारकुनाने लिहून घेतलंय, म्हणून तर हे प्रकरण इतकं महत्त्वाचं वाटतं मला.

गाव कसं जगायचं

शेती नव्हती. हे वाक्य वाचलं की लगेच "भटके, जंगलात कंदमुळं खाणारे" असं चित्र उभं राहतं आणि तिथेच गडबड होते. घरं घुमटासारखी, विलोच्या लवचिक फांद्या वाकवून वरून बोरूसारख्या गवताचं आच्छादन. मुख्य अन्न ओकच्या झाडाचं फळ, एकॉर्न. ते शरद ऋतूत गोळा करायचं, विणलेल्या मोठ्या कणग्यांत उंचावर साठवायचं, मग वर्षभर लागेल तसं काढून कुटायचं. ते तसंच खाल्लं तर तुरट कडू लागतं आणि पोटाला बाधतं, म्हणून कुटलेल्या पिठातून पाणी ओतत राहायचं, कडवटपणा पूर्ण निघेपर्यंत, आणि मग त्याची दाट लापशी शिजवायची. आपल्याकडे सह्याद्रीतले आदिवासी कडू कंदाच्या चकत्या रात्रभर वाहत्या ओढ्यात ठेवून मग खातात, तशाच जातीचं हे ज्ञान, पिढ्यानपिढ्या बायकांच्या हातात असलेलं.

त्याच्या जोडीला गवताचं बी, चिया (हो तोच, आता डाएटवाले खातात तो), सेजचं बी, ससे, हरणं, आणि किनाऱ्याकडच्या गावांशी देवघेव करून मासे आणि शिंपले. कातालिना बेटावरचा मऊ दगड, त्याची भांडी, ती फळ्यांच्या होडीतून इकडे यायची, होडीच्या फटी डांबराने बुजवलेल्या, आणि पैशासारखे शिंपल्याचे मणी फिरायचे. थोडक्यात काय, एक चालू बाजार होता.

आता यातली कळीची गोष्ट म्हणजे आग. बी गोळा करून झालं की ही माणसं माळरान मुद्दाम पेटवायची, ठरवून, म्हणजे पुढच्या वर्षी बियांचं गवत दाट येतं, झुडपं माजत नाहीत, कोवळ्या पाल्यावर हरणं येतात. १५४२ मध्ये काब्रियो नावाचा स्पेनचा दर्यावर्दी या किनाऱ्याने गेला तेव्हा त्याने इथल्या एका उपसागराला धुराचा उपसागर असं नाव दिलं, एवढा धूर त्याला दिसला. बाहेरच्या माणसाला ती रिकामी पडीक जमीन दिसत होती, पण ती राखलेली जमीन होती. पुढचं सगळं समजायला हे एक लक्षात ठेवा.

१७७१

८ सप्टेंबर १७७१ ला पाद्री कांबोन आणि पाद्री सोमेरा यांनी मिशन स्थापन केलं. ते मूळचं ठिकाण आत्ताच्या जागेपासून साधारण आठ किलोमीटरवर, नदीकाठी. तिथेही गाव होतंच, रीडच्या यादीत त्याचंही नाव आहे. मग पुराचा त्रास व्हायला लागला म्हणून १७७५ च्या सुमारास मिशन आत्ताच्या जागी हललं.

स्थापनेची एक गोष्ट फार सांगितली जाते. धनुष्यबाण घेऊन गावकरी चालून आले, पाद्रींनी दुःखी मातेचं म्हणजे मेरीचं चित्र उलगडून धरलं आणि ते बघताच सगळ्यांनी शस्त्रं खाली ठेवली. चित्र अजून आहे मिशनकडे. गोष्ट त्या काळच्या पाद्रींनीच लिहून ठेवलीये, त्यामुळे तिच्यावर किती भर द्यायचा ते आपलं आपण ठरवावं.

पण त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये, म्हणजे महिना दीड महिना झाला असेल नसेल, एका सैनिकाने जवळच्या गावाच्या मुखियाच्या बायकोवर बलात्कार केला. मुखिया माणसं घेऊन जाब विचारायला आला, त्याला गोळी घालून मारलं, आणि त्याचं मुंडकं कापून खांबावर लावलं. हे कुणा विरोधकाचं लिखाण नाही, हुनिपेरो सेर्रा, सगळ्या कॅलिफोर्निया मिशन्सचा प्रमुख, त्यानेच मेक्सिकोत व्हाइसरॉयकडे सैनिकांची तक्रार करताना १७७३ मध्ये हे मांडलं. त्याने असंही लिहिलंय की सैनिक गुरं पकडायच्या फासाने बायकांना पकडतात आणि नवरे आडवे आले तर गोळ्या घालतात. याच सेर्राला २०१५ मध्ये पोपनी संतपद दिलं, तेव्हा तिथल्या मूळ रहिवाशांनी बराच विरोध केला होता. सेर्राने तक्रार केली हे खरं, त्याचं श्रेय त्याला द्यावं, पण तोडगा म्हणून त्याला मिशन आवरायचं नव्हतं, सैनिकांवर पाद्रींचा वचक वाढवायचा होता, म्हणजे यंत्रणा तीच, चालवणारा हात फक्त वेगळा.

बाप्तिस्मा म्हणजे एकेरी दरवाजा

नवीन माणसाला मिशन काय देत होतं? मका, गहू, मांस, कापड, काचेचे मणी. सुरुवातीला लोक बघायला आले, काही राहिले, काहींनी पोरांना बाप्तिस्मा दिला. मणी आणि कापड आलं म्हणजे गावात वजन वाढतं, तेव्हा नव्या बलवान लोकांशी नातं जोडणं हा हिशोबी निर्णय होता, त्यांना भोळे समजायचं कारण नाही.

त्यांना ठाऊक नसलेली गोष्ट ही की एकदा बाप्तिस्मा झाला की माणूस मिशनचा झाला. राहायचं मिशनमध्ये, काम मिशनचं, घंटा वाजली की उठायचं, घंटा वाजली की प्रार्थना. गावाला जायचं तर परवानगी घ्या. परवानगीशिवाय गेलात तर तुम्ही पळालेले, सैनिक शोधायला येणार आणि आणून फटके देणार. लग्न न झालेल्या मुलींना रात्री एका खोलीत कुलूप लावून ठेवायचे, सात-आठ वर्षांच्या पोरीसुद्धा, बंद हवा, एकच कोंडवाडा. रोग पसरायला अजून काय लागतं? कॅलिफोर्नियाच्या मिशन्समध्ये जन्मलेली निम्म्याहून जास्त मुलं पाच वर्षांची व्हायच्या आत गेली असं त्यांच्याच नोंदवह्यांवरून निघतं.

मग प्रश्न पडतो की हे दिसत असूनही गावातली माणसं येत का राहिली. इथे गुरं येतात. मिशनची गुरं, घोडे, मेंढ्या मोकळ्या सोडलेल्या, कुंपण बिंपण काही नाही, आणि ती चरायची नेमकी त्या राखलेल्या बियांच्या माळावर. बी धरायच्या आतच गवत साफ. गुरांच्या अंगावरून आणि शेणातून युरोपातलं तण आलं, रानटी ओट आणि फिलारी नावाचं एक तण तर इतक्या झपाट्याने पसरलं की मिशनकाळातल्या इमारतींच्या कच्च्या विटा फोडून बघितल्या तर मातीत त्याचं बी सापडतं. म्हणजे भिंत बांधायला माती मळली तेव्हाच आजूबाजूचं रान बदललेलं होतं. डुकरं आणि गुरं एकॉर्नही खातात. आणि एखाद्या उपाशी माणसाने मिशनची गाय मारली तर ती चोरी. त्यावर १७९३ मध्ये गव्हर्नर अरिलागाने माळ पेटवायलाच बंदी घातली, मूळ रहिवासी ख्रिस्ती असोत वा नसोत, सगळ्यांना. म्हणजे जमिनीची मशागतच गुन्हा ठरली.

गावातल्या घरात कणगी रिकामी आहे आणि पलीकडे मिशनच्या कढईत मक्याची लापशी शिजतेय. अशा वेळी "आपणहून गेले" हे शब्द वापरताना जरा थांबायला हवं.

१७८५ ची ऑक्टोबरची रात्र

आता मूळ प्रकरण. २५ ऑक्टोबर १७८५ च्या रात्री निदान सहा गावांतली माणसं मिशनवर चालून आली. पाद्रींना आणि पहाऱ्याच्या सैनिकांना मारून मिशन संपवायचं असा बेत. बेत आधीच फुटला होता. पहाऱ्याचा कॉर्पोरल होसे मारिया वेर्दुगो याला सुगावा लागला, सैनिक दबा धरून बसले, आणि वीसएक जण पकडले गेले. लढाई अशी झालीच नाही.

चार जणांना मुख्य धरलं. निकोलास होसे, हा मिशनमधला, १७७४ मध्ये बाप्तिस्मा झालेला, पाद्रींनी ज्याला मूळ रहिवाशांतला अधिकारी म्हणजे अल्काल्देही केलं होतं. दोन गावांचे मुखिया, हुवितचा तेमेहासाकिची आणि हाहामोवितचा अलियिवित. आणि हापचिवित गावची तोईपुरिना, वय पंचविसच्या आसपास, बाप्तिस्मा न झालेली, जिच्या अंगात शक्ती आहे असं लोक मानायचे. भाऊ गावाचा मुखिया. बेत असा होता की पाद्री तिच्या शक्तीने मरतील आणि मग सैनिकांना माणसं बघून घेतील.

जानेवारी १७८६ च्या सुरुवातीला जबान्या झाल्या. गव्हर्नर पेद्रो फाहेसने प्रश्न काढून दिलेले, दुभाषा मधे, सैनिकी लिपिक लिहून घेतोय. आणि इथे मला थोडं रेंगाळायचंय कारण या जबान्यांची बरीच वाट लागलेली आहे. १९५८ मध्ये एका लेखात तोईपुरिनाची जबानी अशी रंगवून छापली गेली की ती बसायला दिलेलं स्टूल लाथेने उडवते, मोठं तडफदार भाषण करते, वगैरे. तेच भाषण पुढे सगळीकडे फिरत राहिलं, भित्तिचित्रांपर्यंत गेलं. २००३ मध्ये इतिहासकार स्टीव्हन हॅकेल यांनी मूळ स्पॅनिश कागद परत वाचून दाखवले तेव्हा कळलं की त्यातलं बरंच नंतरचं आहे.

मूळ कागदात जे आहे ते छोटं आहे. तोईपुरिनाचं म्हणणं असं की पाद्रींवर आणि मिशनमधल्या सगळ्यांवर तिचा राग होता कारण ते त्यांच्या जमिनीवर येऊन राहिलेत. बास. ना देव, ना धर्म, जमीन. मला हे त्या रंगवलेल्या भाषणापेक्षा कितीतरी जास्त ताकदीचं वाटतं, कारण बेड्या घातलेल्या माणसाने दुभाष्यामार्फत शत्रूच्या कारकुनाला सांगितलेलं आणि त्या कारकुनालाही लिहिणं टाळता न आलेलं हे कारण आहे.

निकोलास होसेचं कारण वेगळं. तो म्हणाला पाद्री आणि सैनिक आम्हाला आमचे नाच आणि विधी करू देत नाहीत. फाहेसने १७८२ मध्येच हुकूम काढला होता की बाप्तिस्मा झालेल्यांना असे नाच करू देऊ नका. वरवर वाटेल की नाचासाठी एवढं बंड? पण तोंग्वा लोकांत मेलेल्यांसाठी शरदात मोठा विधी असायचा, त्या विधीतून मृतांना निरोप दिला जायचा, आणि निकोलास होसेने मिशनमध्ये आल्यावर बायको आणि मुलगा दोघंही गमावले होते. हॅकेल यांचं म्हणणं हेच की ऑक्टोबरमध्ये उठाव होणं आणि नाचाचा मुद्दा पुढे येणं याचा संबंध या विधीशी आहे. आपल्या माणसाचं शेवटचं करू न देणं ही गोष्ट माणूस किती दिवस सहन करेल? त्याने तोईपुरिनाला मणी दिले आणि बाहेरच्या गावांना जोडून घ्यायला सांगितलं, असंही जबानीत येतं. काही लोक यावरून म्हणतात की म्हणजे ती भाड्याने आली होती. मला हे अजिबात पटत नाही, त्या समाजात मणी देऊनच कुठलंही मोठं काम सांगायची रीत होती, त्याला लाच म्हणणं म्हणजे आपले चष्मे त्यांच्या डोळ्यांवर चढवणं.

आणखी एक गोष्ट, जी सहसा कुणी जोडून दाखवत नाही. ज्या वेर्दुगोने कट उधळला त्याला वर्षभर आधी, १७८४ मध्ये, फाहेसनेच सॅन राफाएल नावाचं प्रचंड रान चराईसाठी दिलं होतं, छत्तीस हजार एकरांच्या वर, आजचं ग्लेंडेल वगैरे भाग त्यात येतो. आणि रीडच्या यादीत वेर्दुगोच्या रानापुढे जुन्या गावाचं नाव लिहिलंय हाहामोग्ना. म्हणजेच हाहामोवित, अलियिवितचं गाव. ज्याच्या गावावर ज्याची गुरं चरायला येणार होती, त्यानेच त्याला पकडलं. पाद्री आणि भाविक असं चित्र डोक्यात ठेवून बसलं तर हे दिसतच नाही.

शिक्षा व्हायला १७८७ संपत आलं, तोवर मुख्य मंडळी कैदेतच. निकोलास होसेला सहा वर्षं बेड्या घालून सॅन फ्रान्सिस्कोच्या लष्करी ठाण्यात सक्तमजुरी, म्हणजे त्याच्या मुलखापासून शक्य तितकं दूर. दोघा मुखियांना दोन वर्षं सॅन दिएगोला. बाकीच्यांना आधीच फटके मारून सोडलं होतं. तोईपुरिनाने मार्च १७८७ मध्ये बाप्तिस्मा घेतला, रेहिना होसेफा हे नाव, आणि तिला उत्तरेला हद्दपार केलं. १७८९ मध्ये तिने मान्वेल मोंतेरो नावाच्या सैनिकाशी लग्न केलं, मुलं झाली, १७९९ मध्ये सॅन हुआन बाउतिस्ता मिशनमध्ये ती वारली. चाळिशीही गाठली नाही.

तिच्या बाप्तिस्म्यावरून दोन्हीकडचे लोक भांडतात, एक म्हणतात शेवटी तिलाही देव पटला, दुसरे म्हणतात तिने हार मानली. दीड वर्ष कोठडीत असलेल्या, गावी परतायचा रस्ता बंद झालेल्या, साथीदारांनी जिच्याकडे बोट दाखवलंय अशा बाईसमोर काय काय पर्याय होते ते मोजून बघावं आणि मग बोलावं.

उठावानंतर काय झालं

लढाई झाली नाही, गाव जाळलं नाही. गुरं वाढत गेली. १८२० च्या दशकाच्या शेवटी एकट्या सॅन गॅब्रिएलकडे वीस हजारांच्या वर गायीगुरं होती, कातडं आणि चरबी विकून मिशन सगळ्या कॅलिफोर्नियात सधन म्हणून ओळखलं जायचं. दगडी चर्च १७९१ ते १८०५ या काळात उठलं, ज्यांनी उठवलं ते हेच लोक. १८१७ मध्ये मिशनमध्ये राहणाऱ्या मूळ रहिवाशांचा आकडा सगळ्यात जास्त भरला, १७०१. तोवर आसपासची गावं ओस पडलेली, आणि नवीन माणसं मिशनला लांबून लांबून आणावी लागत होती, डोंगरापलीकडून, वाळवंटाकडून, कारण आतली मरत होती. मिशनच्या आवारात सुमारे सहा हजार मूळ रहिवासी पुरलेले आहेत. एक गाव नाही, कितीतरी गावं आहेत त्या जमिनीखाली.

१८२६ मध्ये जेडेडाया स्मिथ नावाचा अमेरिकन फरचा व्यापारी तिथे पाहुणा म्हणून राहिला, त्याच्या टोळीचा कारकून हॅरिसन रॉजर्स याने डायरी ठेवली. पाद्रींनी त्यांचा पाहुणचार उत्तम केला, त्याबद्दल तो भरभरून लिहितो, आणि त्याच डायरीत लिहितो की इथले इंडियन (म्हणजे मूळ रहिवासी) सर्व अर्थांनी पुरते गुलाम आहेत. खाल्ल्या मिठाला जागून हात आखडता घेतला असता तर समजण्यासारखं होतं, तरी त्याने लिहिलं.

मग मेक्सिको स्पेनपासून स्वतंत्र झाला (कॅलिफोर्निया तेव्हा त्याचाच भाग), १८३३-३४ मध्ये मिशन्स मोडीत काढायचा कायदा आला. कागदावर असं होतं की जमिनीतला काही हिस्सा तिथल्या मूळ रहिवाशांना मिळेल. प्रत्यक्षात जमिनी रांचोवाल्यांकडे, म्हणजे गुरांच्या मोठमोठ्या मळ्यांच्या मालकांकडे गेल्या, आणि ज्यांची गावं चाळीस-पन्नास वर्षांपूर्वी मोडली होती त्यांना परत जायला गावच राहिलं नव्हतं. जमीन मिळालेल्या फार थोड्या लोकांत रीडची बायको विक्टोरिया होती, लहानपणी गावातून मिशनमध्ये आणलेली, तिला १८३८ मध्ये मिशनजवळची उएर्ता दे कुआती ही सव्वाशे एकरांच्या आसपासची बाग मिळाली. अमेरिकन राज्य आल्यावर तीही हातची गेली. रीड १८५२ मध्ये वारला, ती १८६८ मध्ये देवीच्या साथीत. ज्या यादीमुळे आज आपण सिबाग्ना हे नाव घेतोय त्या यादीतली बरीचशी माहिती तिच्याकडून आणि तिच्या माणसांकडून आलेली असणार असं मला वाटतं, छापलंय मात्र नवऱ्याच्या नावावर.

अमेरिकन राज्यातलं थोडक्यात सांगतो कारण तो स्वतंत्र विषय आहे आणि वाचून झोप उडते. १८५० च्या कॅलिफोर्नियाच्या कायद्याने रिकामटेकडा ठरवलेल्या इंडियनला पकडून जास्त बोली लावणाऱ्याकडे कामाला देता यायचं. लॉस एंजेलिसमध्ये रविवारी दारू पिऊन पडलेल्यांना धरायचं, सोमवारी लिलाव, आठवडाभर मळ्यात काम, मजुरी म्हणून परत दारू, परत रविवार. १८५१-५२ मध्ये कॅलिफोर्नियातल्या जमातींशी केलेले १८ तह अमेरिकन सेनेटने फेटाळले आणि कागद १९०५ पर्यंत गुप्त ठेवले.

आत्ता कुठे आहे प्रकरण

"तोंग्वा नामशेष झाले" हे वाक्य किती वर्षं छापलं जात होतं कुणास ठाऊक. ते खोटं आहे. त्यांच्यातले एकापेक्षा जास्त गट आहेत, सॅन गॅब्रिएल शहरातच एक गट आहे, काही जण स्वतःला तोंग्वा न म्हणता किझ म्हणतात, आणि त्यांच्यात आपसात मतभेदही आहेत, जसे कुठल्याही जिवंत समाजात असतात. कॅलिफोर्निया राज्याने १९९४ मध्ये ठराव करून त्यांना लॉस एंजेलिस खोऱ्याची मूळ जमात म्हणून मानलं. फेडरल म्हणजे अमेरिकेच्या केंद्र सरकारची मान्यता अजून नाही.

ही मान्यता नसल्याने काय अडतं ते २०१० च्या शेवटी दिसलं. लॉस एंजेलिसच्या जुन्या चौकाजवळ एका सांस्कृतिक केंद्राचं बांधकाम चालू असताना जुन्या दफनभूमीतून शंभराहून जास्त लोकांचे अवशेष निघाले, त्यात मूळ रहिवासीही होते. अवशेष परत करण्याचा जो फेडरल कायदा आहे त्याचा जोर मुख्यतः मान्यता असलेल्या जमातींच्या बाजूने, त्यामुळे तोंग्वा वंशजांना आरडाओरडा करून काम थांबवायला लावावं लागलं. शेवटी अवशेष पुन्हा पुरले गेले. सॅन गॅब्रिएलला मिशनच्या समोरच रेल्वेलाइन खाली नेण्यासाठी मोठा खंदक खणला तेव्हाही मिशनकाळातले पाये, पाण्याचे पाट, गिरणीचा भाग, भांडी, जनावरांची हाडं असं प्रचंड साहित्य बाहेर आलं. तिथे नुसतं चर्च नव्हतं, एक अख्खं कामकरी गाव कोंबलेलं होतं, हे त्या खंदकाने उघडं पाडलं.

११ जुलै २०२० ला चर्चचं छप्पर जळालं, अडीचशेव्या वर्षाची तयारी चालू असताना. दुरुस्ती झाली, म्युझियमची मांडणी नव्याने झाली आणि त्यात पहिल्यांदाच तिथे बाप्तिस्मा झालेल्या हजारो मूळ रहिवाशांची नावं लोकांसमोर आली. ही नावं मिशनच्या नोंदवह्यांतून काढलेली. शेजारच्या सॅन मरिनोमधल्या हंटिंग्टन लायब्ररीने कॅलिफोर्नियाच्या सगळ्या मिशन्सच्या बाप्तिस्मा, लग्न आणि दफनाच्या नोंदी एका डेटाबेसमध्ये आणल्यात, एक लाखाच्या आसपास तर नुसते बाप्तिस्मे आहेत, आणि बऱ्याच नोंदींत माणूस कुठल्या गावचा ते लिहिलेलं असतं. आपली पाळंमुळं शोधणारे वंशज याच वह्या उलटेसुलटे करून बघतात. स्पॅनिश स्पेलिंग दर पानावर वेगळं, एकाच गावाची अनेक रूपं, त्यामुळे एक आजी पणजी जुळवायला फार खटपट पडते.

जमिनीच्या बाजूने आजवर झालेली ठोस गोष्ट एकच सांगता येईल. २०२२ मध्ये अल्टाडेनात, म्हणजे सॅन गॅब्रिएल डोंगरांच्या पायथ्याशी, एका खासगी मालकाने आपली एक एकर जमीन तोंग्वा लोकांच्या संस्थेला देऊन टाकली, जवळजवळ दोनशे वर्षांत या काउंटीत त्यांच्या नावावर झालेली पहिलीच. सरकारने दिलेली नाही, चर्चने दिलेली नाही. मिशनच्या नावावर एके काळी असलेल्या लाखो एकरांतून चर्चने किंवा राज्याने काही परत द्यावं यावर बोलणी वाढायला हवीत असं मला मनापासून वाटतं, आणि ती करताना १७८६ च्या त्या जबानीतलं जमिनीचं कारण टेबलावर असायला हवं.